पट सेकंदाचा, माईक दिवसभराचा

धान कापून झाला, पुंजणे चुरून झाले, पोती घरात नाहीतर खरेदी केंद्राच्या रांगेत लागली, की भंडारा जिल्ह्यातल्या बांध्या रिकाम्या होतात आणि बऱ्यापैकी माणसंही. मग साकोली, लाखनी, लाखांदूर, पवनीकडच्या गावांत शंकरपटाचे, म्हणजे बैलजोड्यांच्या शर्यतींचे, दिवस येतात. मोकळ्या रानात दान, म्हणजे बैलांची धावपट्टी, आखली जाते, मंडप पडतो, कर्णे बांधले जातात आणि पाहुण्यांची चपला-जोड्यांसकट सोय करता करता घरोघरच्या बायकांचा जीव मेटाकुटीला येतो. एवढा सगळा पसारा ज्या गोष्टीसाठी मांडायचा, ती गोष्ट मात्र डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच संपलेली असते. बैलांची जोडी सुटते, धूळ उठते, आणि ‘आली का?’ असं विचारणाऱ्याला ‘गेली’ हे उत्तर मिळतं.

कुठे दोन जोड्या शेजारी शेजारी सुटतात, कुठे एकटी जोडी घड्याळाशी झुंजते. दोन्हीकडे हिशोब सेकंदांचा. आता इलेक्ट्रॉनिक घड्याळ आल्यापासून तर सेकंदाच्याही चिंधड्या करून निकाल लागतो. पट मात्र चालतो सकाळपासून दिवस बुडेपर्यंत, कधी दोन दिवस, कधी तीन. एक जोडी गेल्यावर दुसरी जुंपून, कुरवाळून, दोघातिघांनी वेसण धरून उभी करेपर्यंत जो वेळ जातो, तो सगळा एका माणसाच्या मालकीचा असतो. त्याच्या हातात माईक असतो.

या माणसाला कुणी समालोचक म्हणतं, कुणी निवेदक, पत्रिकेवर उद्घोषक असंही छापतात. गावात तो माईकवाला. दूरचित्रवाणीवर एका सामन्यासाठी जेवढी माणसं लागतात, त्या सगळ्यांचं काम हा एकटा करतो. तिथे एक जण खेळ सांगतो, दुसरा निवृत्त खेळाडू त्यावर मत देतो, तिसरा आकडे पुरवतो, मैदानात उभी असलेली चौथी व्यक्ती खेळाडूच्या भावना विचारते आणि मधेमधे जाहिराती लागतात. पटाच्या माईकवाल्याला जोडीचं नाव, मालकाचं नाव, गाव, तालुका आणि लागलेला वेळ हे तर सांगायचंच असतं. शिवाय देणगीदारांची नावं रकमेसकट वाचायची, दानीवर उतरलेली पोरं हुसकायची, वाटेत आडवी लावलेली मोटारसायकल नंबर सांगून काढायला लावायची, हरवलेल्या मुलाच्या आजोबांना मंडपाकडे बोलवायचं आणि आज रात्री कोणत्या पटांगणात कोणतं नाटक आहे, हेही सांगायचं. जाहिरात, बातमी, पोलीस चौकी आणि खेळ, सगळं एका घशातून.

त्याचा खरा शत्रू बैल नसतात, चिठ्ठ्या असतात. मंचाखालून कुणीतरी हात वर करून चिठ्ठी देतो. तीत एखाद्या माजी सभापतींचं आगमन झाल्याची खबर असते. सभापती माजी असले तरी त्यांना थांबवता येत नाही आणि बैलांना तर त्यांचा आजी-माजी फरकच कळत नाही. त्यामुळे वाक्य असं निघतं: ‘आपल्या पटाला ज्यांची प्रमुख उपस्थिती लाभली असे, लोकनेते, माजी सभापती, यांचं मंडळाच्या वतीनं हार्दिक… सुटली! सुटली! जोडी सुटली! वा रे पठ्ठे! …स्वागत, त्यांनी मंचावर यावं ही विनंती.’ त्या ‘वा रे पठ्ठे’चा मानकरी बैल की सभापती, हे ज्याचं त्यानं ठरवायचं. मंडपातली माणसं सभापतींकडे पाहून टाळ्या वाजवतात, दानीच्या दोन्ही बाजूंची माणसं बैलांसाठी, आणि दोन्ही टाळ्या एकाच वेळी पडल्यामुळे कुणाचाच अपमान होत नाही. असं प्रसंगावधान कोणत्याही क्रीडावाहिनीच्या प्रशिक्षणात शिकवत नसतील.

निःपक्षपातीपणाचीही त्याच्यापाशी स्वतंत्र रीत असते. त्याच्या स्वतःच्या गावची जोडी आली की तो तिचं नाव दोनदा घेतो. शेजारच्या गावची आली की एकदाच, पण जरा मोठ्यानं, म्हणजे तक्रारीला जागा नको. शेजारगावाशी जुनी चुरस असेल तर हे मोजणारी माणसं हजर असतातच. जोडी हरली तर दोष बैलाला कधीच दिला जात नाही. दान ओली होती, वारा समोरून होता, पोट्टे आडवे आले. बैलाची इज्जत सांभाळणं हे या धंद्याचं पहिलं कलम. क्रिकेटमध्ये मात्र समालोचक फलंदाजाला त्याच्या बायकोमुलांसमोर नावं ठेवतात आणि त्याचे पैसेही घेतात.

पट पाहायचा कुठून, हा प्रश्न ऐकण्याच्या प्रश्नाहून अवघड आहे. सर्वांत मानाची जागा मंडपातल्या खुर्च्या. तिथून काहीही दिसत नाही, कारण खुर्च्यांच्या पुढे मान न मिळालेली माणसं उभी असतात. सर्वांत चांगलं दिसतं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवरून, पण ट्रॉली मालकाच्या सोयऱ्यांनी भरलेली असते आणि सोयरीक ऐन पटाच्या दिवशी जुळत नाही. बांधावरून एक बाजू दिसते. झाडावरून दोन्ही दिसतात, पण चढण्याचं वय निघून गेलेलं असतं आणि ज्यांचं गेलेलं नसतं त्यांना माईकवाला नावानिशी खाली उतरवतो. जी माणसं दानीच्या अगदी काठावर उभी असतात त्यांना सगळं दिसतं, फक्त तेव्हा पाहायला वेळ नसतो, पळायचं असतं.

गेल्या काही वर्षांत आणखी एक जागा निघाली आहे. पटांचं थेट प्रक्षेपण यूट्यूबवर होतं. पुण्याच्या कंपनीत कामाला गेलेला लाखांदूरकडचा मुलगा जेवणाच्या सुट्टीत मोबाइल कपाला टेकवून आपल्या गावची जोडी पाहतो. त्याला ड्रोनमधून दान वरून दिसते, घड्याळ कोपऱ्यात दिसतं, धूळ नाकात जात नाही. फक्त त्याच्याकडे जोडी पोचते तोवर गावात तिचा निकाल लागून, वाद होऊन, मिटलेलाही असतो. म्हणून तो फोन करून विचारतो, ‘बाबा, आपली जोडी कशी गेली?’ आणि मंडपात बसलेले बाबा म्हणतात, ‘तूच सांग गा, मले तं काही दिसून नाही रायलं.’

खेळ चिमूटभर आणि बोलणं पोतंभर, ही काही एकट्या झाडीपट्टीची, म्हणजे या पूर्व विदर्भाची, खासियत नव्हे. अमेरिकेत फुटबॉल म्हणतात त्या खेळात चेंडू बराचसा हातात असतो. त्या देशातल्या एका मोठ्या अर्थविषयक दैनिकानं २०१० साली घड्याळ लावून मोजलं होतं. तीन तासांहून अधिक चालणाऱ्या व्यावसायिक सामन्याच्या प्रक्षेपणात चेंडू प्रत्यक्ष खेळात असतो तो वेळ निघाला साधारण ११ मिनिटं. बाकीचा वेळ जाहिराती, फेरदर्शन, घोळक्यानं उभे असलेले खेळाडू आणि बोलणं. म्हणजे त्यांचा समालोचकही आपल्या माईकवाल्याच्याच पंथाचा, फक्त त्याच्याकडे चिठ्ठ्या संगणकावर येतात.

तिथल्या महाविद्यालयांच्या फुटबॉलमध्ये मिशिगन आणि ओहायो स्टेट या दोन विद्यापीठांचं वैर प्रसिद्ध आहे. नोव्हेंबरच्या अखेरच्या शनिवारच्या सुमारास त्यांचा सामना होतो. त्या आठवड्यात ओहायो स्टेटच्या आवारात इंग्रजी ‘एम’ हे अक्षरच खोडून ठेवतात. पाट्यांवर जिथे जिथे ‘एम’ असेल तिथे लाल पट्टी मारलेली, कारण ते शत्रूचं अक्षर. हा प्रकार भंडारा जिल्ह्यात शक्य नाही. ‘म’ खोडायचा ठरवला तर मोहाडी बोलायला उरत नाही आणि तुमसर मधूनच फाटतं. मिशिगनच्या मैदानाची अधिकृत क्षमता १,०७,६०१. भंडारा शहराची २०११ च्या जनगणनेतली लोकसंख्या लाखाच्या आत होती. म्हणजे अख्खं शहर तिथे बसवून वर काही हजार जागा पाहुण्यांसाठी राखीव ठेवता येतील, आणि त्या राखीव जागांवर दुसरंच कुणी बसलं म्हणून माईकवरून सूचना द्याव्या लागतील.

फॉक्स वाहिनीवर हा सामना गेली काही वर्षं गस जॉन्सन आणि जोएल क्लॅट ही जोडी सांगते. जॉन्सन यांचा आवाज ऐन मोक्याला इतका चढतो की पटाच्या मंडपात त्यांना पहिल्याच दिवशी काम मिळावं. तिथे दुपारी बाराला सामना सुरू होतो, तेव्हा आपल्याकडे रात्रीचे साडेदहा वाजलेले असतात. झाडीपट्टीतल्या नाटकाचा पडदा उघडायची हीच वेळ. वडसा-देसाईगंजच्या नाटक कंपन्यांचे प्रयोग रात्री सुरू होऊन पहाटेपर्यंत चालतात. याच रंगभूमीवरचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. पटाच्या मंडपाला रात्री झोप नसते, तशीच माईकलाही नसते. दिवसभर बैलांसाठी राबलेला कर्णा रात्री खलनायकाच्या हसण्यासाठी लागतो.

खेळ न दिसता नुसता ऐकायचा, याची सवय या भागाला पूर्वीपासून आहे. रेडिओच्या काळात ऐकण्यासाठीही परवाना लागायचा. घरात रेडिओ असेल तर टपाल खात्यात जाऊन दरसाल पैसे भरायचे आणि शिक्का मारून घ्यायचा. १९८०च्या दशकात तो परवाना गेला. १५ मार्च १९७५ रोजी क्वालालंपूरला भारतानं पाकिस्तानला २-१ असं हरवून हॉकीचा विश्वचषक जिंकला, तेव्हा देशानं तो सामना मुख्यतः जसदेव सिंग यांच्या आवाजातून पाहिला. क्रिकेटचं मराठी समालोचन म्हटलं की जुन्या श्रोत्यांना बाळ ज. पंडित आठवतात. या मंडळींची एक सोय होती. श्रोत्याला काही दिसत नसल्यामुळे ते म्हणतील ते मैदान. चेंडू सीमेपार गेला म्हटलं की गेला. पटाच्या माईकवाल्याला ही चैन नाही. तो खोटं बोलला तर तीन हजार साक्षीदार असतात आणि त्यांतले निम्मे त्याला ओळखतात.

आणि जेव्हा चित्र दाखवायला हवं होतं, तेव्हा ते नेमकं नव्हतं. १८ जून १९८३ ला टनब्रिज वेल्सच्या मैदानात कपिलदेवनं झिंबाब्वेविरुद्ध नाबाद १७५ धावा केल्या. त्या खेळीचं चित्रीकरणच उपलब्ध नाही. नंतर ती खेळी ‘पाहिलेली’ माणसं मात्र देशभर वाढतच गेली. भंडाऱ्यातही त्यांची काही कमतरता नसावी.

सामना कुठे दिसणार, हा प्रश्न एकदा थेट सर्वोच्च न्यायालयात गेला होता. १९९३ मध्ये बंगालच्या क्रिकेट संघटनेनं हीरो कपचे प्रक्षेपणहक्क परदेशी कंपनीला दिले. दूरदर्शन रुसलं, सरकारी खाती हटून बसली, कस्टम्सनं कंपनीचं साहित्य अडवून धरलं. भांडण कोर्टात असतानाच २४ नोव्हेंबरला ईडन गार्डन्सवर उपांत्य सामना झाला. दक्षिण आफ्रिकेला शेवटच्या षटकात सहा धावा हव्या होत्या, सचिन तेंडुलकरनं ते षटक टाकलं आणि भारत दोन धावांनी जिंकला. खटला मात्र फेब्रुवारी १९९५ पर्यंत चालला. न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांच्या निकालानं सांगितलं की आकाशातल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, त्यावर सरकारची मक्तेदारी नाही. पुढे २००७ साली कायदा आला. राष्ट्रीय महत्त्वाच्या ठरवलेल्या सामन्यांचं प्रक्षेपण खासगी हक्कधारकांनी प्रसार भारतीलाही, म्हणजे दूरदर्शनलाही, द्यायचं. म्हणून आज ज्या घराच्या कौलांवर फ्री डिशची तबकडी आहे, तिथेही महिन्याचे पैसे न भरता भारताचे महत्त्वाचे सामने दिसतात. सार्वजनिक मालमत्ता म्हटल्यावर तिच्यावर कावळा बसणं आलंच. तो ऐन षटकात तबकडीवर बसतो, आणि मग घरातला कुणीतरी छतावर चढून खालच्याला ‘आलं का?’ असं ओरडून विचारत राहतो.

चुरस म्हणावी तर विदर्भाची मुंबईशी आहे आणि ती फक्त क्रिकेटची नाही. विदर्भ महाराष्ट्रात यायचं ठरलं त्या १९५३ च्या नागपूर करारापासून अनुशेषाचा हिशोब चालू आहे: सिंचनाचा, रस्त्यांचा, नोकऱ्यांचा. रणजी करंडकात हा अनुशेष धावांत मोजता येतो, एवढाच काय तो दिलासा. मार्च २०२४ मध्ये वानखेडेवर अंतिम सामन्यात मुंबईनं विदर्भासमोर ५३८ धावांचं लक्ष्य ठेवलं. एवढा मोठा अनुशेष एकाच डावात भरून काढा, असं सांगायला मुंबईशिवाय दुसरं कोण धजावणार? अक्षय वाडकरच्या शतकानं आणि हर्ष दुबेच्या ६५ धावांनी विदर्भ ३६८ पर्यंत गेला आणि १६९ धावांनी हरला. मुंबईचं ते ४२ वं विजेतेपद. पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत नागपूरला जामठ्याच्या मैदानावर उपांत्य सामन्यात विदर्भानं मुंबईला ८० धावांनी पाडलं, आणि मग अंतिम सामन्यात केरळविरुद्ध पहिल्या डावातल्या ३७ धावांच्या आघाडीवर करंडक घेतला. भंडाऱ्याहून नागपूर साठेक किलोमीटर. बसनं निघून दुपारपर्यंत परत येता येईल अशा अंतरावर मुंबई हरत होती, तरी जिल्ह्यातल्या बहुतेकांनी तो सामना मोबाइलवर धावफलकाचे आकडे ताजे करत ‘पाहिला’. आकड्यांचा हा धावफलक अत्यंत सज्जन असतो. तो सभापतींचं स्वागत करत नाही.

मराठीतून समालोचन ऐकायची सोय आता पुन्हा आली आहे. २०२३ च्या आयपीएलमध्ये जिओ सिनेमा या ॲपवर इतर भाषांसोबत मराठीही होती आणि भोजपुरीही. मराठीच्या चमूत किरण मोरे होते, धवल कुळकर्णी होते आणि केदार जाधवही. हे जाधव स्पर्धा चालू असतानाच समालोचनाची खुर्ची सोडून बंगळुरूच्या संघात गेले, डेव्हिड विली जखमी झाल्यामुळे. पटाच्या माईकवाल्यांसाठी ही मोठी धास्तीची घटना मानायला हवी. उद्या कुणाचा बैल लंगडला तर मंडळ कुणाकडे पाहील, याचा नेम नाही.

ॲपवरच्या मराठीबद्दल झाडीपट्टीची एक जुनी, पण कुणी फारशी न मांडलेली तक्रार आहे. ती मराठी पुण्या-मुंबईची असते. तिच्यात चेंडूला ‘मस्त मारलाय’ असं म्हणतात. इथे तो ‘जोमात हाणला’ असायला हवा. साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी झाडीबोलीसाठी केलेल्या कामाचा पुढचा टप्पा म्हणून एखाद्या ॲपनं झाडीबोलीचा वेगळा पर्याय ठेवायला हरकत नाही. भोजपुरी चालते तर झाडी का नाही? समालोचकांची वानवा पडणार नाही. पटातला कुठलाही माईकवाला उचलून न्यावा, फक्त त्याला चिठ्ठ्या पोचणार नाहीत अशा उंचीवर बसवावं.

पण या लोकांचाही एक पडता काळ होऊन गेला. ७ मे २०१४ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानं बैलांच्या शर्यती थांबल्या. महाराष्ट्रानं २०१७ मध्ये कायद्यात दुरुस्ती केली, तीही कोर्टात अडकली. १६ डिसेंबर २०२१ ला सशर्त परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं त्या दुरुस्तीवर शिक्कामोर्तब केलं. मधल्या सात वर्षांत बैल शेतात गेले, काहींची जागा ट्रॅक्टरनं घेतली. माईकवाल्याला मात्र कबड्डी, भजनस्पर्धा आणि लग्नाच्या वराती होत्याच. पट परत आला तेव्हा बैलांपेक्षा त्याचा सराव जास्त होता.

परवानगीबरोबर नियमांची यादी आली. चाबूक नाही, काठी नाही, पराणी नाही, शेपटी पिरगाळायची नाही, विजेचा झटका तर नाहीच. अंतर एक हजार मीटरच्या आत. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आधी घ्यायची, पन्नास हजारांची अनामत भरायची. बैल पळवायला हाताशी असलेलं जवळजवळ सगळं काढून घेतलं गेलं आणि आवाज तेवढा राहिला. त्यामुळे माईकवाल्याची किंमत कायद्यानंच वाढवली, असं म्हणायला जागा आहे. ‘हाणा’ म्हणता येत नाही, म्हणून तो आता ‘प्रेमानं हाका’ म्हणतो, त्याच पट्टीत, तेवढ्याच जोरात.

याच यादीत आणखी एक अट आहे. पटाचं पूर्ण चित्रीकरण करून ते प्रशासनाकडे द्यायचं, बैलांचा छळ झाला की नाही हे तपासता यावं म्हणून. म्हणजे या खेळाचा सर्वांत पक्का प्रेक्षक मंडपात नाही, झाडावर नाही, पुण्यातही नाही. तो सरकारी कार्यालयात आहे. त्याला खुर्ची आहे, पुढे कुणी उभं नाही, नेटवर्क जात नाही, कावळा बसत नाही. मागे नेऊन पुन्हा पाहता येतं, ही सोय तर खुद्द पंचांनाही नसते. दोन दिवसांचा पट नियमाप्रमाणे बघायला त्याला दोन दिवस लागतील. त्यात बैल धावतात ती मिनिटं फार तर पाऊण-एक तासाची. उरलेला सगळा वेळ देणगीदारांची यादी, आडवी लावलेली मोटारसायकल, हरवलेला नातू आणि माजी सभापती. आवाज बंद करून पाहायची मुभा नियमात दिली आहे की नाही, हे एकदा माहितीच्या अधिकारात विचारायला हवं.